कोकण किनारा आणि मराठी ख्रिस्ती ग्रंथ : करुणा, श्रद्धा व अर्थशोधाचा ऐतिहासिक मागोवा

प्रस्तावना

सिंधुदुर्ग जिल्ह्याच्या देवगड तालुक्यातील मिठबाव हे गाव कुणकेश्वर आणि आचरा यांच्या दरम्यान समुद्रकाठी वसलेले आहे. रामेश्वर आणि गजबादेवी ही येथील लोकांची श्रद्धास्थाने होत. कोकणातील इतर गावांप्रमाणेच या परिसरातही श्रावणात पोथी लावणे, हरिनाम सप्ताह, कीर्तन आणि दशावतार यांतून धर्मविचार सामान्य माणसापर्यंत पोहोचला. ग्रंथ म्हणजे एकट्याने मुकाट वाचावयाची वस्तू नसून एकाने म्हणावयाची आणि अनेकांनी ऐकावयाची गोष्ट होय, ही समजूत येथे फार जुनी आहे.

मिठबाव हे काही ख्रिस्ती वाङ्मयाचे केंद्र नव्हे. तथापि या गावाच्या भोवताली नकाशावर नजर टाकली असता एक लक्षणीय गोष्ट ध्यानात येते. दक्षिणेस तेरेखोलच्या पलीकडे गोव्यात राचोल आहे. तेथे १६१६ साली फादर थॉमस स्टीफन्स यांचे ‘ख्रिस्तपुराण’ छापले गेले. घाटमाथ्यावर बेळगाव आहे. तेथे १८३१ साली बाबा पदमनजी यांचा जन्म झाला. उत्तरेस दापोली तालुक्यात करजगाव आहे. तेथे ६ डिसेंबर १८६१ रोजी नारायण वामन टिळक जन्मले. सिंधुदुर्ग जिल्हा १ मे १९८१ रोजी अस्तित्वात आला. त्यापूर्वी करजगाव आणि मिठबाव ही दोन्ही गावे एकाच रत्नागिरी जिल्ह्यात मोडत होती. मराठी ख्रिस्ती ग्रंथपरंपरेतील तीन महत्त्वाच्या व्यक्ती अशा प्रकारे या किनाऱ्याच्या आसपासच्या भूभागाशी निगडित आहेत.

या परंपरेत दोन प्रवाह प्रारंभापासून दिसतात. एक वादाचा, म्हणजे परधर्माचे खंडन करून स्वधर्म सिद्ध करण्याचा; आणि दुसरा करुणेचा, म्हणजे दुःखी माणसाकडे पाहता पाहता ईश्वराचा आणि स्वतःच्या जगण्याचा अर्थ शोधण्याचा. पहिल्या प्रवाहातील ग्रंथ आज केवळ अभ्यासकांच्या कामाचे उरले आहेत. दुसऱ्या प्रवाहातील ग्रंथ मात्र धर्मांची सीमा ओलांडून मराठी वाचकाच्या घरात पोहोचले. असे का घडले, आणि त्यासाठी कोणाला कोणती किंमत मोजावी लागली, याचा विचार प्रस्तुत निबंधात केला आहे.

पुराणाची मागणी

थॉमस स्टीफन्स हे मूळचे इंग्लंडमधील विल्टशायर परगण्याचे. येशूसंघीय धर्मगुरू म्हणून ते १५७९ साली गोव्यात उतरले आणि १६१९ साली मृत्यू येईपर्यंत त्यांचे बहुतेक आयुष्य साष्टी भागात गेले. हा काळ आणि हा प्रदेश यांचे स्वरूप विसरून ‘ख्रिस्तपुराणा’विषयी बोलणे योग्य ठरणार नाही. १५६० साली गोव्यात इन्क्विझिशनची स्थापना झाली होती. त्याच दशकात साष्टीतील देवळे पाडली गेली आणि अनेक कुटुंबे आपापली दैवते घेऊन पोर्तुगीज हद्दीबाहेर गेली. १५८३ साली कुंकळ्ळी येथे पाच येशूसंघीय मारले गेले आणि त्यानंतर स्थानिक गावप्रमुखांना देहदंड देण्यात आला. स्टीफन्स यांनी ज्या श्रोत्यांसाठी लेखणी उचलली त्यांच्या मनात या साऱ्या आठवणी ताज्या असल्या पाहिजेत. त्यांच्यापैकी कित्येकांचे धर्मांतर स्वेच्छेने झाले नव्हते, हेही स्पष्टपणे म्हटले पाहिजे.

ग्रंथाच्या आरंभी स्टीफन्स यांनी एक प्रसंग सांगितला आहे. नव्याने ख्रिस्ती झालेल्यांपैकी एक ब्राह्मण पुढे होऊन म्हणतो की पूर्वीची पुराणे आमच्याकडून काढून घेतली, तर त्यांच्या जागी तशाच प्रकारचे काही आम्हाला का देत नाही? हा प्रसंग जसाच्या तसा घडला की काव्याच्या सोयीसाठी रचला गेला, या वादात शिरण्याचे कारण नाही. त्यातील मागणी खरी आहे. ज्याची पोथी गेली त्याची संध्याकाळ रिकामी झाली. देव बदलता येतो, परंतु तिन्हीसांजेला चार माणसांनी एकत्र बसून ओव्या ऐकण्याची भूक बदलत नाही. स्टीफन्स यांनी ही भूक ओळखली, हे त्यांचे मोठेपण होय.

म्हणून त्यांनी प्रश्नोत्तरवजा धर्मपुस्तकावर न थांबता सुमारे अकरा हजार ओव्यांचे पुराण रचले. त्याचे दोन भाग असून पहिल्यात ‘जुना करार’ व दुसऱ्यात ख्रिस्तचरित्र आहे. अध्यायांना ‘अवस्वर’ असे नाव दिले आहे. ओवीचा घाट, मंगलाचरण, मराठी भाषेची सुप्रसिद्ध प्रशस्ती आणि वैकुंठासारखे रूढ शब्द या सर्वांवरून कवीने ज्ञानेश्वरांपासून चालत आलेली परंपरा आतून आत्मसात केल्याचे दिसते. येशूच्या चरित्रातील रोगी, आंधळे आणि बहिष्कृत यांच्या कथा त्यामुळे श्रोत्यांना परक्या वाटल्या नाहीत. संतचरित्रांत असे प्रसंग त्यांच्या पूर्वजांनी ऐकलेले होते.

येथे एक विसंगती नोंदविणे आवश्यक आहे. करुणेचा संदेश देणारा हा ग्रंथ ज्या सत्तेच्या आश्रयाने छापला गेला तिने १६८४ साली स्थानिक भाषेच्या वापरावरच बंदी घातली. १६४९ आणि १६५४ साली पुन्हा छापल्या गेलेल्या या पुराणाच्या सतराव्या शतकातील आवृत्तींची एकही प्रत आज उपलब्ध नाही. ग्रंथ जगला तो हस्तलिखितांतून आणि कंठातून. गोव्यातून कानडा जिल्ह्यात गेलेल्या ख्रिस्ती कुटुंबांनी त्याच्या प्रती जपल्या आणि त्यांच्याच आधारे जे. एल. सालढाणा यांनी १९०७ साली मंगळूर येथे त्याची रोमन लिपीतील आवृत्ती काढली. देवनागरीत हा ग्रंथ मराठी वाचकास मिळाला तो १९५६ साली, शांताराम बंडेलू यांच्या संपादनामुळे. म्हणजे रचनेनंतर तीनशे चाळीस वर्षांनी! ज्या लिपीत महाराष्ट्रातील माणूस पोथी वाचतो त्या लिपीत हे पुराण इतका काळ छापले गेले नाही, हे मराठी वाङ्मयाच्या इतिहासातील एक शल्यच म्हणावे लागेल.

वादाचे शतक

एकोणिसाव्या शतकातील ख्रिस्ती मराठी वाङ्मयाने निराळा मार्ग धरला. मुंबईत अमेरिकन मिशनने १८२६ साली ‘नव्या करारा’चे मराठी भाषांतर छापले. स्कॉटिश मिशनरींनी कोकणात बाणकोट व हर्णे येथे शाळा काढल्या. १८४२ पासून ‘ज्ञानोदय’ हे नियतकालिक निघू लागले. या शाळांनी व छापखान्यांनी मराठी गद्याला मोठा हातभार लावला, यात शंका नाही. परंतु या काळाचा सूर वादाचा होता. १८३१ च्या सुमारास मोरभट दांडेकर आणि डॉ. जॉन विल्सन यांच्यात झालेला वादविवाद अथवा १८५७ साली मुंबईच्या समुद्रकिनारी विष्णुबुवा ब्रह्मचारी यांनी मिशनरींशी केलेल्या चर्चा त्या काळी गाजल्या. दोन्ही पक्षांनी परस्परांच्या ग्रंथांतील दोष काढले. या वादांमुळे कोणाच्या मनाला विसावा मिळाला असेल, असे ते वाचताना वाटत नाही.

बाबा पदमनजी यांचे लेखन या दोन प्रवाहांच्या संगमावर उभे आहे. १८५४ साली त्यांनी बाप्तिस्मा घेतला. त्यापूर्वी ते परमहंस सभेच्या वर्तुळात वावरले होते. त्यांनी शंभराच्या आसपास लहानमोठी पुस्तके लिहिली. त्यांतील बहुसंख्य प्रचारपर असून आज विस्मृतीत गेली आहेत. अपवाद दोन : ‘अरुणोदय’ हे आत्मचरित्र आणि १८५७ साली प्रसिद्ध झालेले ‘यमुनापर्यटन’. विधवाविवाहाचा कायदा होऊन जेमतेम वर्ष उलटले असता आलेल्या या कादंबरीत यमुना ही तरुणी पतीसमवेत प्रवास करते आणि ठिकठिकाणी विधवांच्या कहाण्या ऐकते. पुढे ती स्वतः विधवा होते. शेवटी यमुना ख्रिस्ती होते व पुनर्विवाह करते, हा लेखकाचा हेतुपुरस्सर केलेला शेवट आहे. तो बाजूला ठेवला तरी त्या कहाण्या उरतात, कारण त्यांत लेखकाने उपदेश करण्यापूर्वी ऐकून घेतले आहे.

शोमरोनी स्त्रीची कथा

पंडिता रमाबाईंचे उदाहरण श्रद्धा आणि अर्थशोध यांच्या संबंधात सर्वांत बोलके आहे. १८७० च्या दशकातील दुष्काळात आईवडील व बहीण अन्नावाचून गेली. भावासमवेत त्यांनी देशभर पायी भ्रमण केले. पुढे भाऊ गेला आणि १८८२ साली पतीही गेला. संस्कृत शास्त्रांचे अध्ययन असलेल्या या स्त्रीला ग्रंथांची वाण नव्हती. वाण होती ती एका उत्तराची.

ते उत्तर त्यांना तत्त्वज्ञानात मिळाले नाही. इंग्लंडमध्ये असताना लंडनच्या फुलहॅम भागात धर्मभगिनींनी चालविलेले एक निवासस्थान त्यांनी पाहिले. समाजाने पतित म्हणून टाकलेल्या स्त्रियांना तेथे प्रेमाने वागविले जात होते. असे का वागविता, या त्यांच्या प्रश्नाला एका भगिनीने योहानाच्या शुभवर्तमानातील विहिरीवर पाणी भरण्यास आलेल्या शोमरोनी स्त्रीची कथा वाचून दाखविली. हा अनुभव रमाबाईंनी १९०७ साली प्रसिद्ध झालेल्या आपल्या साक्षीत नमूद केला आहे. आधी कृती दिसली, मग तिच्या मागचा ग्रंथ उघडला, हा क्रम महत्त्वाचा आहे. १८८३ साली त्यांनी बाप्तिस्मा घेतला. मात्र केवळ धर्माचा स्वीकार आणि ख्रिस्ताची प्रत्यक्ष ओळख यांत त्या स्वतः फरक करीत. ही ओळख आपल्याला बाप्तिस्म्यानंतर काही वर्षांनी झाली, असे त्यांचे म्हणणे होते. धर्मांतर हा शोधाचा शेवट असतो ही समजूत त्यामुळे खोटी ठरते.

मायदेशी त्यांना तीव्र विरोध झाला. १८९३ साली शारदा सदनातील मुलींवर ख्रिस्ती संस्कार होतात या आक्षेपावरून अनेक पालकांनी आपल्या मुली काढून घेतल्या. दुष्काळात अनाथांना आश्रय देण्यामागे धर्मांतराचा हेतू आहे, हा आरोपही सातत्याने झाला. अन्न आणि धर्म एकाच हाताने वाटले जातात तेव्हा असा संशय उत्पन्न होणे स्वाभाविक आहे आणि तो सर्वस्वी निराधार होता असेही म्हणता येत नाही. परंतु केडगावच्या मुक्ती सदनात आलेल्या शेकडो विधवा व मुलींपुढे त्या वेळी दुसरे कोणते दार उघडे होते, हा प्रश्न आरोप करणाऱ्यांनी क्वचितच विचारला.

रमाबाईंच्या आयुष्याचा उत्तरार्ध बायबलच्या मराठी भाषांतरात गेला. त्यासाठी त्यांनी हिब्रू व ग्रीक भाषांचा अभ्यास केला. केडगावच्या छापखान्यात खिळे जुळविण्याचे काम सदनातील स्त्रियाच करीत. हे भाषांतर त्यांच्या मृत्यूनंतर, १९२४ साली पूर्ण रूपात प्रसिद्ध झाले. अल्पशिक्षित बाईलाही ते समजावे, ही त्यांची इच्छा होती आणि हिंदू तत्त्वज्ञानाचा गंध असलेले संस्कृत शब्द त्यांनी जाणीवपूर्वक टाळले. स्टीफन्स यांनी ज्या शब्दांचा आधार घेतला नेमके तेच रमाबाईंनी दूर ठेवले. परका पाद्री वैकुंठ म्हणू शकला. त्या परंपरेत वाढलेल्या आणि पोळलेल्या पंडितेला ते शक्य झाले नाही. त्यांचे भाषांतर फारसे प्रचलित झाले नाही, याचे एक कारण येथे सापडते.

तुकोबांच्या वाटेने

नारायण वामन टिळक यांच्या बाबतीत हा पेच निराळ्या तऱ्हेने सुटला. १८९३ साली राजनांदगावच्या रेल्वेप्रवासात एका युरोपीय सहप्रवाशाने त्यांना ‘नवा करार’ दिला, हा प्रसंग सर्वश्रुत आहे. डोंगरावरील प्रवचनाने त्यांचे मन वेधले. १० फेब्रुवारी १८९५ रोजी मुंबईत त्यांनी बाप्तिस्मा घेतला. आपण तुकारामांच्या पुलावरून ख्रिस्ताकडे आलो, अशा आशयाचे उद्गार ते काढीत. त्यांची भक्तिपर रचना अभंगाच्या वळणाची आहे आणि मराठी उपासनेत भजन व कीर्तन यांना स्थान मिळवून देण्यात त्यांचा वाटा मोठा आहे.

मराठी शाळेत शिकलेल्या कित्येक पिढ्यांना टिळक माहीत आहेत ते मात्र ‘केवढे हे क्रौर्य!’ या कवितेमुळे. शिकाऱ्याच्या बाणाने घायाळ झालेल्या पक्षिणीची ही कविता तोंडपाठ असणाऱ्या अनेकांना तिचा कवी ख्रिस्ती होता हे ठाऊकही नसते. त्यात कवीचा अथवा वाचकाचा काही तोटा झालेला नाही.

१९१७ साली टिळकांनी मिशनच्या पगारी सेवेतून मुक्त होऊन ‘देवाचा दरबार’ ही कल्पना मांडली. बाप्तिस्मा घेतलेले आणि न घेतलेले असे दोन्ही प्रकारचे ख्रिस्तभक्त तिच्यात बंधुभावाने एकत्र यावेत, असा तिचा आशय होता. चर्चच्या चौकटीत ती सहज बसणारी नव्हती. १९१९ च्या मे महिन्यात टिळक निवर्तले आणि ही चळवळ फारशी मूळ धरू शकली नाही.

सोवळ्यातून बाहेर

टिळकांच्या श्रद्धेची किंमत मोजली ती लक्ष्मीबाईंनी, आणि या संपूर्ण परंपरेतील सर्वश्रेष्ठ ग्रंथही त्यांच्याच हातून झाला. ‘स्मृतिचित्रे’ १९३४ ते १९३७ या काळात चार भागांत प्रसिद्ध झाली. त्यातील लेखन आधी ‘संजीवनी’ साप्ताहिकातून आले होते. शेवटचा भाग निघाला तेव्हा लक्ष्मीबाई हयात नव्हत्या. औपचारिक शिक्षण जवळजवळ नसलेल्या या बाईने लिहिलेले आत्मचरित्र मराठी गद्याचे लेणे ठरले.

या ग्रंथाचा आरंभ सोवळ्याने होतो, ही बाब करुणेच्या दृष्टीने अर्थपूर्ण आहे. १८५७ च्या धामधुमीत लक्ष्मीबाईंच्या आजोबांना फाशी झाली आणि त्या धक्क्यानंतर त्यांच्या वडिलांना सोवळ्याचे वेड लागले. बाजारातून आलेली प्रत्येक वस्तू धुऊन घ्यावयाची. मीठ आणि साखरसुद्धा त्यातून सुटत नसे. धुतलेल्या मिठाचे काय होणार? लक्ष्मीबाई हे सारे हसत सांगतात. परंतु त्या हसण्याखाली भीतीने विटाळलेल्या एका घराचे चित्र आहे. पुढील सबंध आयुष्य म्हणजे त्या घरातून एकेक पाऊल बाहेर पडण्याची कहाणी होय.

पती ख्रिस्ती झाला तेव्हा लक्ष्मीबाईंना तो मृत्यूसारखाच आघात वाटला. मुलाला घेऊन त्या सुमारे पाच वर्षे पतीपासून दूर, नातलगांच्या आधाराने राहिल्या. त्यांतील काही काळ पंढरपुरात गेला. नवरा असून नाही, सवाष्ण असून समाजात स्थान नाही, अशी त्यांची अवस्था होती. टिळकांच्या चरित्रकारांनी त्यांच्या आध्यात्मिक तळमळीचे वर्णन विस्ताराने केले आहे. त्या तळमळीची झळ कोणाला लागली हे ‘स्मृतिचित्रे’ वाचल्याशिवाय कळत नाही. थोर पुरुषांच्या चरित्रांबाबत हा अनुभव नवा नाही.

कालांतराने त्या पतीकडे परतल्या, परंतु तत्काळ ख्रिस्ती झाल्या नाहीत. प्रारंभी त्यांचे सोवळे कायम होते. पाणी आणि चूल वेगळी होती. जातिभेद माणसाने निर्माण केला की देवाने, हा प्रश्न त्यांच्या मनात घोळत राहिला आणि एके दिवशी तो सुटला. त्यांनी हे मतपरिवर्तन कोणत्याही ग्रंथाच्या आधाराने सिद्ध केलेले नाही. कोणाच्याही हातचे पाणी पिण्यास आपली हरकत नाही, हे त्यांनी वागून दाखविले. १९०० साली त्यांचा बाप्तिस्मा झाला. एकोणिसाव्या शतकात शेकडो पृष्ठे खर्ची पडलेला वाद येथे एका तांब्याभर पाण्यात मिटतो.

त्यांच्या घरात दुष्काळातील अनाथ मुले येऊन राहिली, प्लेगच्या दिवसांत आजाऱ्यांची शुश्रूषा झाली, आणि घरात दाणा नसताना टिळक पाहुणे घेऊन आले. टिळकांची उदारता आणि लक्ष्मीबाईंची तारांबळ यांचे प्रसंग विनोदी आहेत. पण त्यांतून करुणा ही उपदेशाची नव्हे तर पिठाच्या डब्याची बाब आहे, हे जितके स्पष्ट होते तितके कोणत्याही प्रवचनातून होत नसेल. पतीवरील राग आणि पतीविषयीचा आदर या दोहोंपैकी एकही भावना त्यांनी लपविलेली नाही. त्यामुळेच ब्राह्मण, ख्रिस्ती, श्रद्धावान, अश्रद्ध असे सर्व प्रकारचे वाचक या पुस्तकाला आपले मानतात. १९५० साली ‘स्मृतिचित्रे’चे इंग्रजी भाषांतर झाले आणि २०१७ साली शांता गोखले यांनी ते नव्याने केले.

टिळकांनी आरंभ करून अपूर्ण सोडलेले ‘ख्रिस्तायन’ हे ओवीबद्ध महाकाव्यही लक्ष्मीबाईंनी पुढील ६४ अध्याय रचून सिद्धीस नेले. करजगावात जन्मलेल्या कवीने हाती घेतलेले ख्रिस्तचरित्र अशा रीतीने पुन्हा त्याच ओवीत पूर्ण झाले जिचा आश्रय तीनशे वर्षांपूर्वी राचोलमध्ये स्टीफन्स यांनी घेतला होता.

किनाऱ्यावर

मालवण, वेंगुर्ले आणि सावंतवाडी या पट्ट्यातील ख्रिस्ती कुटुंबे प्रामुख्याने कॅथलिक असून गोव्याशी त्यांचे भाषिक व कौटुंबिक नाते आहे. २००५ साली पुणे धर्मप्रांतातून सिंधुदुर्ग हा स्वतंत्र धर्मप्रांत निर्माण झाला. या भागात ख्रिस्ती करुणेची ओळख ग्रंथापेक्षा रुग्णालयातून अधिक झाली. वेंगुर्ल्यातील सेंट ल्यूक्स रुग्णालय अमेरिकन प्रेस्बिटेरियन मिशनचे. तेथील डॉ. गोहीन यांचा पुत्र रॉबर्ट १९१९ साली वेंगुर्ल्यात जन्मला आणि पुढे प्रिन्स्टन विद्यापीठाचा अध्यक्ष व भारतातील अमेरिकेचा राजदूत झाला, हे मात्र तालुक्याबाहेर फारसे कोणास ठाऊक नाही.

ग्रंथपरंपरेचा धागा विसाव्या शतकाच्या अखेरीस वसईत फादर फ्रान्सिस दिब्रिटो यांनी पुढे नेला. ‘सुवार्ता’ मासिकाचे त्यांनी दीर्घकाळ संपादन केले, वसईच्या हिरव्या पट्ट्यासाठी लढा दिला आणि ‘सुबोध बायबल’ सिद्ध केले. या ग्रंथास २०१३ सालचा साहित्य अकादमीचा अनुवाद पुरस्कार लाभला. २०२० च्या जानेवारीत उस्मानाबाद (आताचे धाराशिव) येथे भरलेल्या त्र्याण्णवाव्या अखिल भारतीय मराठी साहित्य संमेलनाचे ते अध्यक्ष होते; ख्रिस्ती धर्मगुरूस हा मान प्रथमच मिळाला. त्या निवडीस काहींनी धर्माच्या कारणावरून विरोध केला होता. जुलै २०२४ मध्ये त्यांचे निधन झाले.

‘ख्रिस्तपुराणा’च्या देवनागरी लिपीचा प्रश्न वर आला आहे. त्याला एक पुरवणी जोडावयास हवी. लंडनमधील पौर्वात्य विद्यांच्या संस्थेत मार्सडेन संग्रहात या पुराणाचे देवनागरी हस्तलिखित पडून होते. त्यात पोर्तुगीज वळणाच्या शब्दांऐवजी ठिकठिकाणी संस्कृत शब्द योजलेले आहेत. १९२० च्या दशकात ते अभ्यासकांच्या नजरेस आणले डॉ. जस्टिन ॲबट यांनी. ॲबट हे टिळकांनी ज्या अमेरिकन मराठी मिशनमध्ये सेवा केली त्याच मिशनचे. निवृत्तीनंतर अमेरिकेत परतल्यावर त्यांनी उरलेले आयुष्य मराठी संतांची चरित्रे आणि बहिणाबाईंचे आत्मकथन इंग्रजीत आणण्यात वेचले. हे काम करीत असतानाच राचोलच्या पाद्र्याची ओवी त्यांना तुकोबांच्या लिपीत लिहिलेली सापडली. या हस्तलिखितावर आधारलेली आवृत्ती कारिदाद द्रागो यांनी १९९६ साली प्रसिद्ध केली.